शंखांचा पंडित लामार्क

लामार्क या शास्त्रज्ञाचा जन्म १७४४ साली फ्रान्समध्ये झाला. वनस्पतींच्या अभ्यासात गढलेल्या या पंडिताकडे १७९३ साली पॅरिसच्या संग्रहालयात कीटक व कृमी शिकविण्याचे काम आले. शंखातील जीवही तेव्हा कृमींतच गणले जात. पन्नाशीच्या उंबरठ्यावर त्याने हा नवा विषय आत्मसात केला. शंखांचे आकार, वेढे व तोंडे पारखून त्याने समुद्रातील गोगलगाईंचे गण पाडले. मनोऱ्यासारख्या निमुळत्या शंखांना त्याने १७९९ साली दिलेले ‘तुरितेला’ हे नाव आजही रूढ आहे.

अपृष्ठवंशीय प्राण्यांवरील त्याचा महाग्रंथ १८१५ पासून प्रसिद्ध होऊ लागला. तोच त्याची दृष्टी गेली. तरीही तो सांगत राहिला, कन्या लिहीत राहिली. १८२२ साली सातवा खंड निघून ग्रंथ पूर्ण झाला. १८२९ साली तो दारिद्र्यात निवर्तला. त्याने दिलेली नावे मात्र उरली.