दोष बरोबर ओळखला, पण इलाज चुकला : गाडीच्या ठिणगीला शिस्त लावणाऱ्या चार्ल्स केटरिंग यांची गोष्ट

सोलापूरहून धाराशिवला निघालात की तुळजापूरला घाट लागतो. आजच्या गाड्यांना तो घाट कळतही नाही. पण हाताखाली जुनी प्रीमियर पद्मिनी असेल, तर तिची सगळी दुखणी याच चढावर बाहेर येतात. कधी गाडी मिसिंग मारते, कधी सायलेन्सरमधून फटाके फुटतात, तर कधी ॲक्सिलेटर दाबला की इंजिनातून टकटक आवाज येतो.

अशी गाडी घेऊन जुन्या मेकॅनिककडे गेलात, तर तो बोनेट उघडून बहुतेक वेळा आधी एका काळ्या टोपीकडे वळतो. त्या टोपीतून पाच जाड वायरी निघालेल्या असतात. हाच डिस्ट्रिब्युटर.

पद्मिनी आपल्याकडची. सोलापुरात जन्मलेल्या वालचंद हिराचंद यांनी 1944 साली प्रीमियर ऑटोमोबाईल्स उभी केली आणि तिच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून ही गाडी बाहेर पडली. पण त्या काळ्या टोपीखालच्या रचनेची गोष्ट सुरू होते अमेरिकेतल्या एका शेतावर. आणि घाटातल्या त्या टकटक आवाजाचाही या गोष्टीशी जवळचा संबंध आहे.

डोळे अधू, पण हात थांबेना

चार्ल्स फ्रँकलिन केटरिंग यांचा जन्म 29 ऑगस्ट 1876 रोजी ओहायो राज्यातल्या लाउडनव्हिलजवळच्या शेतकरी घरात झाला. पोरगं हुशार होतं, पण डोळे लहानपणापासून अधू. वाचायला बसलं की डोकं ठणकायचं. शाळा संपल्यावर त्यानं काही काळ मास्तरकी केली आणि मग इंजिनिअरिंग शिकायला ओहायो स्टेट विद्यापीठ गाठलं.

तिथं डोळ्यांनी दगा दिला. शिक्षण सोडून तो टेलिफोनच्या तारा ओढणाऱ्या टोळीत कामाला लागला. खड्डे खणायचे, खांब उभे करायचे, तारा जोडायच्या. मोकळ्या हवेत राहून डोळ्यांना आराम पडला आणि वीज नेमकी कशी वागते, हेही हाताला कळत गेलं. मग तो पुन्हा विद्यापीठात गेला. सोबतचे विद्यार्थी पुस्तकं वाचून दाखवायचे आणि हा ऐकून लक्षात ठेवायचा. 1904 साली, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, केटरिंग इलेक्ट्रिकल इंजिनिअर झाले.

पहिली मोठी नोकरी लागली डेटन शहरात, नॅशनल कॅश रजिस्टर कंपनीत. दुकानाच्या गल्ल्यावरचं यंत्र तेव्हा हातानं दांडा फिरवून चालवावं लागायचं. केटरिंग यांनी 1906 साली त्याला छोटी इलेक्ट्रिक मोटर बसवली. ही मोटर दिवसभर फिरत नाही, क्षणभरच जोर लावते. म्हणून ती लहान असली तरी चालते. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढं ती कामाला येणार आहे.

धान्याच्या कोठारात उभा राहिलेला धंदा

त्या काळात गाडीच्या ठिणगीचे मुख्य दोन मार्ग होते. एक मॅग्नेटो, म्हणजे इंजिनाच्या जोरावर फिरून स्वतःच वीज तयार करणारं यंत्र. ते भरवशाचं, पण महाग. आणि इंजिन हळू फिरत असेल तर ठिणगीही अशक्त. दुसरा मार्ग बॅटरी आणि थरथरणारी कॉइल. यात एका वेळेला एक ठिणगी पडण्याऐवजी ठिणग्यांचा पाऊस पडायचा आणि बॅटरी लवकर बसायची.

यावर बरेच जण डोकं चालवत होते. कॅडिलॅक कंपनीलाही चांगलं इग्निशन हवं होतं. केटरिंग यांचे वरिष्ठ एडवर्ड डीड्स यांच्या घरामागे एक कोठार होतं. दिवसा नोकरी आणि रात्री कोठार, असा उद्योग 1908 पासून सुरू झाला. सोबतीला कंपनीतलेच काही कारागीर. लोकांनी या मंडळींना कोठारवाली टोळी असं नावच पाडलं.

त्यांचा विचार सरळ होता. प्रत्येक सिलिंडरला त्याची वेळ आली की एकच ठिणगी द्यायची, पण ती जोरदार द्यायची. म्हणजे पेट्रोल नीट पेटेल आणि बॅटरीही वाचेल. प्रयोग जमला. 1909 साली कॅडिलॅकच्या हेन्री लेलँड यांनी सुमारे 8,000 संचांची मागणी नोंदवली. केटरिंग यांनी नोकरी सोडली आणि डीड्स यांच्यासोबत डेटन इंजिनिअरिंग लॅबोरेटरीज कंपनी काढली. तिच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून नाव पडलं डेल्को.

हे नाव इतकं रुजलं, की स्पेन आणि इराणमध्ये डिस्ट्रिब्युटरला आजही डेल्कोच म्हणतात.

त्या काळ्या टोपीखाली चालतं काय?

पद्मिनीची बॅटरी 12 व्होल्टची. प्लगवर ठिणगी पडायला मात्र हजारो व्होल्ट लागतात. पॉइंट जुळलेले असताना कॉइलमधून करंट वाहतो आणि तिच्यात चुंबकीय क्षेत्र तयार होतं. डिस्ट्रिब्युटरच्या शाफ्टवरचा उंचवटा पॉइंट उघडतो, करंट तुटतो, क्षेत्र एकदम कोसळतं आणि कॉइलच्या दुसऱ्या गुंडाळीत प्रचंड दाबाची वीज तयार होते. शेजारचा छोटा कंडेन्सर पॉइंटवर ठिणगी उडू देत नाही. तो नसेल तर पॉइंट जळतात आणि प्लगची ठिणगीही मरते.

ही वीज मधल्या जाड वायरीनं टोपीत येते. आत फिरणारा रोटर ती 1-3-4-2 या क्रमानं चार सिलिंडरांना वाटून देतो. इंजिन मिनिटाला 3,000 फेरे घेत असेल तर डिस्ट्रिब्युटर 1,500 घेतो आणि प्रत्येक फेऱ्यात चार ठिणग्या देतो. म्हणजे सेकंदाला 100 ठिणग्या, आणि त्यातली प्रत्येक वेळेवर पडायला हवी.

मग बिघाड शोधायचा कसा?

जाणता मेकॅनिक आधी दोष कोणत्या अर्ध्या भागात आहे ते ठरवतो. टोपीतून कॉइलची मधली वायर काढायची, चांगल्या इन्सुलेशनच्या पकडीनं तिचं टोक इंजिनाच्या लोखंडापासून पाचसहा मिलिमीटरवर धरायचं आणि सेल्फ मारायचा. आसपास पेट्रोलची गळती नाही ना, हे आधी बघायचं. वायर नुसत्या हातात धरायची नाही, झटका जबरदस्त बसतो.

निळी, कडकडीत ठिणगी पडली तर कॉइल, पॉइंट आणि कंडेन्सर बहुधा ठीक आहेत. दोष पुढं आहे, म्हणजे टोपी, रोटर, प्लगच्या वायरी किंवा प्लगमध्ये. ठिणगी पिवळट पडली किंवा पडलीच नाही, तर दोष मागं आहे.

टोपी उलटी करून उजेडात बघायची. केसासारखी तडा किंवा काळी रेघ दिसली तर वीज तिथून पळते, टोपी बदलायची. पावसाळ्यात नुसता आतला ओलावा पुसला तरी कित्येक गाड्या चालू होतात. टोपीच्या मध्यभागी कार्बनचा छोटा ब्रश असतो, तो जागेवर आहे का तेही बघायचं.

पॉइंट खडबडीत झाले असतील तर बारीक कानशीनं घासून तात्पुरतं काम भागतं, पण खरा उपाय नवे पॉइंट. ते पुन्हा पुन्हा जळत असतील तर कंडेन्सरवर संशय घ्यायचा. पॉइंट पूर्ण उघडलेले असताना फीलर गेजनं गॅप मोजायचा. या गाड्यांना तो साधारण 0.4 ते 0.5 मिलिमीटरच्या दरम्यान लागतो, नेमका आकडा गाडीच्या पुस्तकात असतो. गॅप बदलला की टायमिंग बदलतं, म्हणून शेवटी टायमिंग लावल्याशिवाय काम संपत नाही.

आणि शाफ्ट हातानं हलवून बघायचाच. बुश झिजून तो डुगडुगत असेल तर गॅप दर ठिणगीला वेगळा पडतो. मग नवे पॉइंट कितीही टाका, आठवड्यात गाडी परत दारात.

सेल्फ आला, आणि आरोपही आला

पुन्हा केटरिंग यांच्याकडे येऊ. इग्निशननंतर कॅडिलॅकला हवा होता सेल्फ स्टार्टर. हँडल मारताना इंजिन उलटा झटका द्यायचं आणि माणसांचे हात मोडायचे. अनेक तज्ज्ञांना वाटायचं की इंजिन फिरवायला इंजिनाएवढीच मोटर लागेल. केटरिंग यांना दुकानाचा गल्ला आठवला. इथंही मोटरला क्षणभरच जोर लावायचा होता. 1911 मध्ये स्टार्टर तयार झाला आणि 1912 च्या कॅडिलॅकमध्ये सेल्फ, दिवे आणि इग्निशन एकाच बॅटरीवर चालू लागले.

पण गाड्यांचा जोर वाढला तसा इंजिनातून टकटक आवाज येऊ लागला. तोच तो, घाटात येणारा नॉकिंगचा. लोकांनी आणि स्पर्धकांनी बोट ठेवलं केटरिंग यांच्या बॅटरी इग्निशनवर.

त्यांना ते पटेना. 1916 मध्ये त्यांनी थॉमस मिजली या तरुण इंजिनिअरला या कामाला लावलं. मिजली यांनी सिलिंडरमधला दाब मोजून दाखवलं की आवाज ठिणगी पडल्यानंतर होतो. ठिणगी वेळेवरच पडत होती. उरलेलं पेट्रोल दाबाखाली आपोआप भडकत होतं. म्हणजे दोष इग्निशनचा नव्हता, इंधनाचा होता. निदान अगदी बरोबर होतं.

आजही मेकॅनिक हाच क्रम पाळतो. टायमिंग फार पुढं गेलं असेल तरी गाडी नॉक करते, म्हणून आधी ते तपासायचं. ते बरोबर निघालं तर मग इंधनाकडे आणि सिलिंडरमध्ये साचलेल्या कार्बनकडे बघायचं.

इलाज चुकला

आता इंधनाला औषध हवं होतं. शेकडो पदार्थ टाकून बघितले. डिसेंबर 1921 मध्ये एक सापडला, टेट्राएथिल लेड. म्हणजे शिशाचं संयुग. चिमूटभर टाकलं की नॉकिंग गायब. अल्कोहोलनंही नॉकिंग कमी होतं, हे या मंडळींना माहीत होतं. पण ते जास्त प्रमाणात घालावं लागायचं आणि त्यावर पेटंटही मिळणार नव्हतं. शिसं स्वस्त पडत होतं आणि ते आपल्या मालकीचं राहणार होतं.

शिसं विषारी असतं, हे तेव्हा नवं नव्हतं. तरीही 1923 मध्ये डेटनच्या पंपावर शिसंवालं पेट्रोल विकायला आलं. 1924 मध्ये इथिल कॉर्पोरेशन निघाली आणि तिचे अध्यक्ष होते केटरिंग. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये न्यू जर्सीतल्या बेवे इथं हे संयुग बनवणारे 5 कामगार शिशाच्या विषानं भ्रमिष्ट होऊन मेले. विक्री काही काळ थांबली. सरकारनं बैठक बोलावली, तिथं केटरिंग यांनी आपल्या मालाची बाजू लावून धरली. 1926 मध्ये विक्री पुन्हा सुरू झाली.

पुढची कित्येक दशकं गाड्यांच्या धुरातून शिसं हवेत, मातीत आणि लहान मुलांच्या रक्तात जात राहिलं. मुलांच्या मेंदूच्या वाढीवर त्याचा परिणाम होतो, हे नंतर सिद्ध झालं. भारतात 2000 साली देशभर शिसंविरहित पेट्रोल आलं. म्हणजे पद्मिनीनं आपलं जवळजवळ अख्खं आयुष्य शिसंवाल्या पेट्रोलवरच काढलं. जगातल्या पंपांवरून ते पूर्णपणे गेलं 2021 मध्ये, अल्जीरियानं बंद केल्यावर.

मोजमाप कसं करायचं?

केटरिंग 1947 पर्यंत जनरल मोटर्सच्या संशोधन विभागाचे प्रमुख होते. हवेनं थंड होणारं शेवरोलेचं इंजिन हा त्यांचा मोठा फसलेला प्रयोग, 1923 मध्ये कंपनीला त्या गाड्या परत घ्याव्या लागल्या. दुसरीकडे, वीज न पोहोचलेल्या शेतघरांसाठी त्यांनी बॅटरीसह जनरेटर बनवला आणि रेल्वेच्या डिझेल इंजिनाला बळ दिलं. 1945 मध्ये न्यूयॉर्कमध्ये कर्करोगावर संशोधन करणारी स्लोन-केटरिंग संस्था सुरू झाली, ती त्यांच्याही नावानं. 25 नोव्हेंबर 1958 रोजी डेटनमध्ये त्यांचं निधन झालं.

हाताला सेल्फ देणारा, कर्करोगाच्या संशोधनाला नाव देणारा आणि हवेत शिसं सोडणारा माणूस एकच.

गंमत बघा, त्यांनी बाजूला ठेवलेलं अल्कोहोल आज आपल्या पेट्रोलमध्ये आहे. इथेनॉल म्हणतात ते हेच, आणि ते बनतं उसापासूनही. धाराशिव जिल्ह्यात ऊस आणि साखर कारखाने काही नवे नाहीत. पण या इलाजाचीही किंमत आहेच. जुन्या गाड्यांचे रबरी पाइप आणि कार्बोरेटरचे वायसर इथेनॉलसाठी बनवलेले नव्हते, ते अधूनमधून तपासावे लागतात.

तेव्हा पुढच्या वेळी घाटात जुनी गाडी टकटक करू लागली, तर आधी दोष कुठं आहे ते शोधा. तो सापडला की काम अर्धं झालं. उरलेलं अर्धं म्हणजे इलाजाची किंमत कोण मोजणार, हे विचारणं. केटरिंग यांच्या हातून नेमकं तेच राहून गेलं.