अभिनेत्री ते निर्माती : श्रीमती दुर्गा खोटे

कलावंताची कीर्ती पुष्कळदा त्याच्या तारुण्याबरोबर येते आणि तारुण्याबरोबरच ओसरते. नाट्य आणि चित्रपट या क्षेत्रांत तर हा अनुभव फारच कठोर असतो. काल ज्यांच्या नावासाठी थिएटरासमोर रांगा लागत, त्यांचे नाव दहा वर्षांनी कोणाच्या स्मरणातही राहत नाही. अशा क्षेत्रात जवळजवळ साठ वर्षे उभे राहणे, आणि तेही केवळ दुसऱ्याने दिलेल्या भूमिकांवर विसंबून न राहता स्वतःचा उद्योग उभारून, ही गोष्ट सामान्य नव्हे. ती ज्यांनी साधली त्या श्रीमती दुर्गाबाई खोटे यांचे चरित्र आमच्या वाचकांपुढे, विशेषतः आमच्या विद्यार्थिनींपुढे, ठेवण्याचे आम्ही योजले आहे.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईस झाला. माहेरचे त्यांचे नाव विठा लाड. वडील पांडुरंग शामराव लाड हे सॉलिसिटर होते आणि आईचे नाव मंजुळाबाई. घराणे मूळचे गोव्याकडील. गिरगावातील कांदेवाडीत त्यांचे मोठे एकत्र कुटुंब नांदत असे. घरात कोंकणी, आसपास मराठी आणि कॅथीड्रल शाळेत इंग्रजी, अशा तीन भाषांच्या सहवासात ही मुलगी वाढली. पैनगंगेच्या अलीकडे, घरी मराठी, बाजारात तेलुगु आणि प्रवासात हिंदी बोलणाऱ्या आमच्या तलमडुगुच्या मुलांना याचे नवल वाटू नये. अनेक भाषा कानावर पडणे हे ओझे नसून भांडवल आहे, हे पुढे दुर्गाबाईंच्या आयुष्यानेच दाखवून दिले.

शाळेनंतर त्या सेंट झेवियर्स कॉलेजात गेल्या. शिक्षण चालू असतानाच खोटे यांच्या संपन्न घराण्यात त्यांचा विवाह झाला. पती विश्वनाथ खोटे सुशिक्षित होते. बकुल आणि हरिन असे दोन मुलगे झाले. येथपर्यंतची कथा त्या काळच्या कोणत्याही सुखवस्तू घरच्या मुलीची वाटावी. परंतु दैवाचे फासे उलटे पडले. सासरची आर्थिक घडी पार विस्कटली. पती विश्वनाथ यांनाही दीर्घायुष्य लाभले नाही. ज्या घरात पैशाचा प्रश्न कधी उद्भवला नव्हता, त्या घरच्या सुनेला दोन लहान मुलांच्या पोटाचा विचार करण्याची वेळ आली. प्रथम त्यांनी शिकवण्या धरल्या. पण शिकवण्यांवर संसार कितीसा चालणार?

याच सुमारास, १९३१ साली, त्यांना मोहन भवनानी यांच्या ‘फरेबी जाल’ या चित्रपटात लहानशी भूमिका मिळाली. चित्रपट मूक होता. त्यास बोलका भाग जोडावयाचा होता आणि त्यासाठी इंग्रजी शिकलेली, घरंदाज स्त्री हवी होती. आज यात कोणास काही वावगे दिसणार नाही. त्या काळी मात्र चित्रपटात काम करणे हे प्रतिष्ठित घरातील स्त्रीला मुळीच शोभत नाही, असेच समाजाचे मत होते. १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीचे काम करण्यास एकही स्त्री मिळाली नाही आणि अण्णा साळुंके नावाच्या एका तरुण आचाऱ्याला लुगडे नेसून ती भूमिका करावी लागली. त्याच वर्षी दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये काम करून वाट मोकळी केली खरी, पण समाजाचा कटाक्ष तेवढ्याने बदलला नाही. ‘फरेबी जाल’ पाहून दुर्गाबाईंच्या वाट्यास कौतुकाऐवजी टीकाच आली. दोन्ही घराण्यांच्या नावाला बट्टा लागला, अशी बोलणी त्यांना ऐकून घ्यावी लागली.

हा प्रसंग असा होता की, एखादी दुर्बळ मनाची व्यक्ती तेथूनच परत फिरली असती. परंतु तोच चित्रपट प्रभात फिल्म कंपनीच्या व्ही. शांताराम यांच्या पाहण्यात आला आणि त्यांनी या नव्या अभिनेत्रीमधील तेज ओळखले. प्रभात तेव्हा कोल्हापुरात होती आणि आपला पहिला बोलपट काढण्याच्या तयारीत होती. कथा पुन्हा हरिश्चंद्राचीच. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले आणि दुर्गाबाई तारामती. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतील पहिला बोलपट झळकला. जी भूमिका एकोणीस वर्षांपूर्वी एका आचाऱ्याने केली होती, तीच आता एका सुशिक्षित, कुलीन स्त्रीने केली. ज्यांनी बोटे मोडली होती त्यांतील कित्येकांनी तारामतीला पाहून डोळे पुसले असतील, असे आम्हांस वाटते.

त्या काळचे बोलपटाचे काम किती कष्टाचे होते, हेही विद्यार्थ्यांनी ध्यानी घ्यावे. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती. नटनटींना कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करता स्वतःच गावे लागे, आणि वाजवणारे जवळच आडोशाला बसत. शिवाय ‘अयोध्येचा राजा’ मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत एकाच वेळी तयार झाला. एक प्रसंग मराठीत झाला की तोच पुन्हा हिंदीत करावयाचा. भाषांची संपत्ती येथे कशी उपयोगी पडली असेल, ते निराळे सांगावयास नको.

पुढील काही वर्षे दुर्गाबाईंच्या वैभवाची होती. ‘माया मच्छिंद्र’ (१९३२) मध्ये त्या स्त्रीराज्याच्या राणी झाल्या आणि पाळीव चित्ता बाळगून वावरल्या. कलकत्त्यास जाऊन देवकी बोस यांच्या ‘राजरानी मीरा’ (१९३३) आणि ‘सीता’ (१९३४) या चित्रपटांत त्यांनी कामे केली. ‘सीता’ तर इटलीतील व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवापर्यंत पोहोचला. प्रभातच्या ‘अमर ज्योती’ (१९३६) मध्ये, राज्याच्या कायद्याने आईचा हक्क नाकारला म्हणून चाचेगिरी पत्करणारी सौदामिनी त्यांनी उभी केली. येथे एक गोष्ट विशेष आहे. त्या काळी कलावंत एकाच कंपनीशी करारबद्ध असत. महिन्याचा पगार घ्यावा आणि कंपनी सांगेल ते काम करावे, असा शिरस्ता होता. दुर्गाबाईंनी हे बंधन सोडले. ज्या कंपनीची भूमिका पटेल तिचे काम त्या स्वीकारीत. असे स्वतंत्र राहणाऱ्या पहिल्या काही अभिनेत्रींत त्यांची गणना होते. यात पगाराची निश्चिती नाही, परंतु निर्णय मात्र स्वतःचा. पुढे त्या निर्मात्या झाल्या, त्याचे बीज आम्हांस येथेच दिसते.

१९३७-३८ च्या सुमारास त्यांनी ‘साथी’ या चित्रपटाच्या निर्मितीत पाऊल टाकले. त्या वेळी स्त्रीने निर्माती होणे ही गोष्ट अत्यंत विरळ होती. अभिनेत्रीला आपल्या भूमिकेची चिंता असते; निर्मात्याला सर्वांची. भांडवल जमविणे, कथा ठरविणे, माणसे निवडणे, प्रत्येकाचा मोबदला वेळेवर देणे आणि ठरल्या मुदतीत चित्रपट पुरा करणे, हे सारे त्याच्या शिरावर असते. ही जबाबदारी त्यांनी त्या वेळी जवळून अनुभवली. मात्र त्यानंतर बरीच वर्षे अभिनय हाच त्यांचा मुख्य व्यवसाय राहिला. ‘पायाची दासी’ (१९४१) मधील करारी सासू, ‘भरत मिलाप’ (१९४२) मधील कैकेयी, ‘पृथ्वी वल्लभ’ (१९४३) मधील मृणालवती अशा भूमिका त्यांनी केल्या. केवळ सोज्ज्वळ नायिकाच करावयाची, असा हट्ट त्यांनी धरला नाही. रंगभूमीवरही त्या वावरल्या. १९५४ साली वि. वा. शिरवाडकरांनी शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’वरून रचलेल्या ‘राजमुकुट’ या नाटकातील त्यांची भूमिका गाजली.

आता वय चाळिशीच्या पलीकडे गेले होते. चित्रपटात या वयाच्या अभिनेत्रीला आईच्या भूमिका मिळतात. त्या कधी मिळतील आणि किती मिळतील, हे दुसऱ्याच्या मर्जीवर. दुर्गाबाईंनी या परिस्थितीस तोंड देण्याचा जो मार्ग काढला, तो त्यांच्या दूरदृष्टीचा पुरावा होय. १९५२ साली, वयाच्या ४७ व्या वर्षी, त्यांनी फॅक्ट फिल्म्स ही संस्था काढली. पुढे दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स निघाली. या संस्थांनी लघुपट, माहितीपट आणि जाहिरातपट तयार केले. मोठा बोलपट काढणे म्हणजे तिकीटबारीवर पैज लावणे. चालला तर ठीक, नाही तर कर्जाचा डोंगर. याउलट मागणीवरून केलेल्या लघुपटाचा खर्च तो करवून घेणारा देतो. काम लहान, नफाही बेताचा, पण हिशेब चोख ठेवला तर पाया पक्का. शिवाय स्वातंत्र्यानंतर चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी माहितीपट दाखविण्याची पद्धत रूढ झाल्याने देशात या प्रकाराचे महत्त्व वाढत होते. राणीच्या वेषात मिरविलेल्या स्त्रीने वहीखाते आणि वेळापत्रक हाती घेतले, आणि तीस वर्षांहून अधिक काळ तो उद्योग चालविला.

याचा अर्थ त्यांनी अभिनय सोडला असा मात्र नव्हे. ‘मुगल-ए-आझम’ (१९६०) मधील जोधाबाई आजही लोकांच्या डोळ्यांसमोर आहे, आणि ‘बिदाई’ (१९७४) मधील भूमिकेस फिल्मफेअर पारितोषिक लाभले. फरक एवढाच की, आता त्या काम करीत ते केवळ निर्वाहासाठी नव्हे. १९६८ साली पद्मश्री आणि १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना प्राप्त झाला. ज्या फाळक्यांना तारामती मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा सन्मान तारामतीला मिळावा, हा योग मोठा हृद्य आहे.

सुखाबरोबर दुःखही त्यांच्या वाट्यास भरपूर आले. मुलगा हरिन अकाली गेला. मातेला याहून मोठा घाव नाही. तरीही त्यांनी हाती घेतलेले काम टाकले नाही. उत्तरायुष्यात ‘मी, दुर्गा खोटे’ हे आत्मचरित्र त्यांनी मराठीत लिहिले. १९८८ साली, त्यांच्या वयाच्या ८३ व्या वर्षी, त्यांच्या संस्थेने निर्मिलेली ‘वागले की दुनिया’ ही मालिका दूरदर्शनवर सुरू झाली. आर. के. लक्ष्मण यांच्या सामान्य माणसाच्या कल्पनेवर ती आधारलेली होती आणि कुंदन शहा तिचे दिग्दर्शक होते. राजे-राण्यांच्या कथांनी आरंभलेला प्रवास एका साध्या कारकुनाच्या घराशी येऊन पोहोचला. २२ सप्टेंबर १९९१ रोजी दुर्गाबाईंनी इहलोकीची यात्रा संपविली.

विद्यार्थिमित्रांनो, दुर्गाबाईंच्या रूपाची आणि अभिनयाची स्तुती पुष्कळांनी केली आहे. आम्हांस त्याहून मोलाचे वाटते ते त्यांचे व्यवहारज्ञान. संकट आले तेव्हा त्यांनी हाताला मिळेल ते काम केले. निंदा झाली तेव्हा अधिक चांगले काम करून तिला उत्तर दिले. आणि कीर्ती असतानाच, ती ओसरण्याची वाट न पाहता, दुसरी विद्या शिकून घेतली. आमच्या भागातील कित्येक मुलींना शाळा संपताच पुढे काय, हा प्रश्न पडतो. अंगी असलेला एक गुण जोपासावा आणि त्याच्या जोडीला हिशेब, भाषा व कामाची शिस्त ही शिदोरी बांधून घ्यावी, म्हणजे वाट बदलावी लागली तरी मनुष्य वाटेवर एकाकी पडत नाही. हाच या चरित्राचा बोध होय, असे आम्ही समजतो.