बॅकग्राउंड म्युझिक फुकट का नसतं? व्हिक्टर हर्बर्टची गोष्ट

स्वतः बनवलेला कोर्स किंवा व्हिडिओ ऑनलाइन विकायला काढला की एक प्रश्न मला हमखास विचारला जातो. गाणं तर मागे बारीक आवाजात वाजतंय, लोक पैसे देतात ते माझ्या शिकवण्याचे, मग गाण्याची परवानगी कशाला? याचं उत्तर मी आज एका माणसाच्या आयुष्यातून सांगणार आहे, कारण शंभरहून जास्त वर्षांपूर्वी अगदी हाच युक्तिवाद त्याच्याविरुद्ध कोर्टात झाला होता.

चेलो वाजवणारा मुलगा

व्हिक्टर हर्बर्टचा जन्म 1859 चा. घराणं आयरिश, पण आईने जर्मन डॉक्टरशी दुसरं लग्न केल्यामुळे तो जर्मनीत वाढला. तिथे तो चेलो शिकला आणि श्टुटगार्टच्या दरबारी ऑर्केस्ट्रात वाजवू लागला. 1886 मध्ये बायको टेरेझे हिला न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात गायिकेचं काम मिळालं. हर्बर्टही सोबत गेला आणि त्याच ऑपेराच्या ऑर्केस्ट्रात चेलो वाजवायला बसला.

पुढे 1898 ते 1904 तो पिट्सबर्गच्या ऑर्केस्ट्राचा संचालक होता. पण घराघरात नाव झालं ते संगीतिकांमुळे. 1903 ची 'बेब्ज इन टॉयलंड', 1910 ची 'नॉटी मॅरिएटा', 1913 ची 'स्वीटहार्ट्स'. त्याच्या चाली अमेरिकेत सगळीकडे वाजत होत्या. अडचण एकच होती: वाजवणारे कमवत होते आणि चाल बांधणाऱ्याला त्यातलं फारसं काही मिळत नव्हतं.

तेव्हाचं नवं तंत्रज्ञान म्हणजे ग्रामोफोन आणि आपोआप वाजणारा पियानो. 1906 मध्ये हर्बर्टने अमेरिकी संसदेच्या समितीपुढे जाऊन संगीतकाराची बाजू मांडली. 1909 च्या कायद्याने प्रत्येक रेकॉर्डमागे 2 सेंट मिळण्याचा मार्ग उघडला. नफ्यासाठी जाहीरपणे गाणं वाजवायचं तर परवानगी हवी, हेही त्या कायद्यात होतं. पण नफ्यासाठी म्हणजे नक्की काय? खरी मेख तिथेच होती.

जेवण विकतो, गाणं नाही!

1914 मध्ये हर्बर्ट आणि त्याच्या सहकाऱ्यांनी न्यूयॉर्कमध्ये ॲस्कॅप ही संगीतकार, गीतकार आणि प्रकाशकांची संस्था काढली. हेतू हा की एकट्यादुकट्याला जे वसूल करता येत नाही, ते सगळ्यांनी मिळून करावं. त्यानंतर शानलीज नावाच्या रेस्टॉरंटमध्ये 'स्वीटहार्ट्स'मधलं गाणं विनापरवाना गायलं गेलं आणि हर्बर्ट कोर्टात गेला.

रेस्टॉरंटचं म्हणणं साधं होतं. आम्ही तिकीट लावत नाही, लोक जेवणाचे पैसे देतात, गाणं आपलं असंच. खालच्या कोर्टांना हे पटलं आणि हर्बर्ट हरला. पण 1917 च्या जानेवारीत अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने निकाल फिरवला. गिऱ्हाईक जे बिल भरतं त्यात त्या वातावरणाचीही किंमत असते, आणि फायदा नसता तर मालकाने गायक ठेवलेच नसते, असा न्यायालयाचा मुद्दा होता.

गंमत म्हणजे त्याआधी, 1916 मध्ये, हर्बर्टने 'द फॉल ऑफ अ नेशन' या मूकपटासाठी खास पार्श्वसंगीत लिहिलं होतं. पडद्यामागचं संगीत हेसुद्धा पूर्ण काम असतं, हे त्याला स्वतःच्या हातांनी माहीत होतं. 26 मे 1924 रोजी न्यूयॉर्कमध्ये त्याचं निधन झालं.

आता तुमच्या फोनकडे वळू

तो निकाल अमेरिकेचा, आपल्याला बांधील नाही. पण आपला 1957 चा कॉपीराइट कायदा या बाबतीत ढिला नाही. मोबाइलवर केलेला व्हिडिओही कायद्याच्या भाषेत चित्रपटच, आणि त्यात आपली चाल वापरू द्यायची की नाही हा हक्क तिच्या मालकाचा. आवाज किती बारीक ठेवला, याने फरक पडत नाही. दहा-पंधरा सेकंद चालतात, असाही कुठला नियम नाही. डिस्क्रिप्शनमध्ये नाव लिहिलं म्हणजे परवानगी मिळाली असंही नाही.

लक्षात ठेवायची गोष्ट म्हणजे एका गाण्यात हक्कांचे थर असतात: शब्द, चाल आणि रेकॉर्डिंग. भारतात शब्द आणि चालीचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं टिकतो, तर रेकॉर्डिंगचा हक्क ते प्रसिद्ध झाल्यापासून 60 वर्षं. म्हणजे हर्बर्टच्या 'टॉयलंड'मधली चाल तुम्ही स्वतः कीबोर्डवर वाजवून कोर्समध्ये बिनधास्त वापरा. पण तीच चाल एखाद्या ऑर्केस्ट्राने 2010 मध्ये रेकॉर्ड केली असेल, तर ती फाइल उचलता येणार नाही. जुन्या अभंगांचंही तसंच: शब्द सगळ्यांचे, पण अलीकडच्या संगीतकाराची चाल आणि कंपनीचं रेकॉर्डिंग त्यांचं.

विकायच्या व्हिडिओसाठी एवढं तपासा:

- रील बनवायच्या ॲपमधलं गाणं त्या ॲपपुरतं असतं. तोच व्हिडिओ बाहेर विकायचा तर वेगळी परवानगी लागते.
- रॉयल्टी-फ्री म्हणजे फुकट नव्हे. एकदाच पैसे भरायचे किंवा अटी पाळायच्या, असा त्याचा अर्थ. व्यावसायिक वापर चालतो का, ते वाचा.
- क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्यात एनसी दिसलं तर विकायच्या व्हिडिओत नको. एनडी असेल तर व्हिडिओखाली जोडताच येत नाही. नुसतं बीवाय असेल तर ठरल्याप्रमाणे श्रेय देऊन वापरा.
- परवान्याचा स्क्रीनशॉट आणि पावती जपून ठेवा. उद्या क्लेम आला तर हाच पुरावा.

आणि तरीही संगीत एवढं महत्त्वाचं नाही असं वाटत असेल, तर व्हिडिओ एकदा म्यूट ट्रॅकवर, नुसत्या तुमच्या आवाजात ऐकून बघा. तसाच चांगला वाटला तर तसाच विका. फिका वाटला तर समजा, गिऱ्हाईक त्या संगीताचेही पैसे देतंय. शानलीजच्या खटल्यात न्यायालयाने हेच ओळखलं होतं.