नाव मुलाचं, निबंध आईचा

आपल्याकडे मुलीचं नाव अंबा, दुर्गा, रेणुका ठेवतात ना, तसं स्पेनमध्ये मारियेचं. पण तिथे नुसतं मारिया म्हणून भागत नाही, तिच्या एकेका रूपाचं नाव मुलीला मिळतं. दोलोरेस म्हणजे दुःखं, मेर्सेदेस म्हणजे कृपा (हो, तीच गाडीवाली!) आणि कोन्सेप्सिओन म्हणजे चक्क गर्भधारणा. मूळ शब्द लॅटिन. मारिया आपल्या आईच्या पोटी आली तीच मुळी पापाचा डाग न लागता, अशी ही श्रद्धा. ८ डिसेंबरला तिचा सण. पणजीच्या पायऱ्यांच्या चर्चचं फेस्त असतं ना, तेच हे. लाडाचं नाव मात्र कोन्चा, म्हणजे शिंपला!

मला या नावाची एकच बाई जवळची वाटते, कोन्सेप्सिओन आरेनाल. जन्म १८२० चा, वायव्य स्पेनमधल्या फेरोल गावचा. वडील लष्करात. राजाच्या मनमानीविरुद्ध होते म्हणून त्यांना तुरुंगवास घडला, त्यात प्रकृती खालावली आणि १८२९ मध्ये ते गेले. तुरुंग म्हणजे काय, हे या पोरीला इतक्या लहानपणी कळलं.

पुढे तिला कायदा शिकायचा होता. विद्यापीठात बायकांना मज्जाव. मग बाईंनी केस कापले, कोट-टोपी चढवली आणि माद्रिदला पुरुषांच्या वेशात व्याख्यानांना जाऊन बसू लागल्या! पदवी अर्थातच मिळाली नाही. मुलींना तिथे विनाअट प्रवेश मिळायला १९१० साल उजाडलं.

१८४८ मध्ये लग्न झालं. नवरा वकील, लेखक आणि समजूतदार. तो आजारी पडला तेव्हा वर्तमानपत्रातले त्याचे लेख हीच लिहायची, बिननावाने. १८५७ मध्ये नवरा गेला. त्याच वर्षी लेखाखाली सही हवीच असा कायदा आला, आणि हिचं लिहिणं बंद पडलं. लेखणी चालत होती, फक्त नाव चालत नव्हतं. आमच्या बचत गटांतही हे दिसतं. पापड लाटते बाई, कागदावर सही नवऱ्याची.

पण कोन्सेप्सिओन गप्प बसणारी नव्हती. दानधर्मावरच्या निबंधस्पर्धेत तिने निबंध पाठवला, लेखकाचं नाव घातलं फेर्नांदो. म्हणजे तिचा दहा वर्षांचा मुलगा! निबंधाला बक्षीस लागलं आणि बिंग फुटलं. विद्वान परीक्षकांना काय वाटलं असेल, याची कल्पना करून मला अजून हसू येतं. बक्षीस मात्र त्यांनी काढून घेतलं नाही, हे त्यांच्या बाजूने सांगायलाच हवं. त्या अकादमीचं बक्षीस मिळवणारी ती पहिली स्त्री ठरली.

१८६३ मध्ये ला कोरुन्याच्या स्त्री-तुरुंगांची पाहणी करायचं काम तिच्याकडे आलं. गुन्ह्याचा राग धरावा पण गुन्हेगाराचा नाही, अशी तिची धारणा. कैद्यांना उद्देशून लिहिलेल्या पत्रांचं पुस्तक १८६५ मध्ये आलं आणि त्याच वर्षी नोकरी गेली! १८६८ च्या क्रांतीनंतर सरकार बदललं, तेव्हा तिला स्त्रियांच्या सुधारगृहांची निरीक्षक म्हणून पुन्हा बोलावणं आलं. १८६९ मध्ये स्त्रियांच्या शिक्षणाची आणि हक्कांची बाजू मांडणारं तिचं पुस्तक निघालं. त्यावर फेर्नांदोचं नाव नव्हतं, तिचं स्वतःचं होतं. १८९३ मध्ये विगो शहरात ती वारली, तोवर ते नाव स्पेनबाहेरही पोचलं होतं.