मंथरेचा 'तो' डोळा आणि ललिता पवार

१९८७ साली रविवारी सकाळी 'रामायण' लागलं की रस्ते ओस पडायचे. त्यात कैकेयीचे कान भरणारी मंथरा आली, की घरोघरी बायका बोटं मोडायच्या. एक डोळा बारीक करून बघणाऱ्या या मंथरेचं वय तेव्हा सत्तरीच्या पुढं होतं. आणि तिनं पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभं राहिल्याला जवळपास साठ वर्षं झाली होती.

ललिता पवार. जन्म १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्यातला. मूळ नाव अंबू सगुण. मूकपटांच्या काळात पोरवयातच त्या सिनेमात आल्या आणि बघता बघता नायिका झाल्या. नुसत्या नायिका नाही, १९३२ च्या 'कैलाश' या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. आजच्या भाषेत सांगायचं तर ॲक्टर-प्रोड्युसर, तेही सोळाव्या वर्षी!

१९४२ मध्ये मात्र घात झाला. 'जंग-ए-आझादी'च्या सेटवर एका प्रसंगात भगवान दादांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. (हेच भगवान दादा पुढं 'अलबेला'मुळं घराघरांत पोहोचले.) चापट अंदाजापेक्षा जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. उपचार बराच काळ चालले, पण डोळा बारीक झाला तो झालाच. वय होतं सव्वीस, आणि नायिकेच्या भूमिका संपल्या.

इथून पुढं सहसा एकच गोष्ट सांगितली जाते, की डोळा गेला आणि खाष्ट सासू मिळाली. पण ही गोष्ट अर्धीच आहे.

१९४४ च्या 'रामशास्त्री'त त्या आनंदीबाई झाल्या. 'दहेज'मध्ये सुनेला छळणारी सासू. 'जंगली'त घरात हसायलाही बंदी घालणारी आई. तो डोळा या सगळ्यांत धाक दाखवतो, हे खरंच. पण १९५५ च्या 'श्री ४२०' मधली केळी विकणारी गंगामाई आठवा. किंवा १९५९ च्या 'अनाडी'तली मिसेस डिसा. राज कपूरवर वरवर डाफरणारी आणि आतून पोटच्या पोरासारखी माया करणारी घरमालकीण. तिथंही तोच डोळा आहे, पण बघणाऱ्याला धाक वाटत नाही, गहिवरून येतं. म्हणजे ताकद डोळ्यात नव्हती, ती बाईंच्या अभिनयात होती. 'अनाडी'साठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला, १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही.

'प्रोफेसर' तर जरूर बघाच. त्यातली करडी शिस्तीची बाई म्हाताऱ्याच्या सोंगातल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते आणि आरशासमोर लाजते. हे काम हास्यास्पद होऊ न देणं सोपं नव्हतं.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात त्यांचं निधन झालं. टीव्हीवर 'रामायण' पुन्हा लागलं, की मंथरेला शिव्या देणारे आजही कमी नाहीत.