दगडूने दया पवारांची पाठ सोडली नाही

वर्षावासात विहारोविहारी ग्रंथवाचन चालते. आमच्या आर्णीतही चालते. अरुणावतीच्या काठचे हे तालुक्याचे गाव. दिवसभर शेतात, बाजारात, कचेरीत राबून आलेली माणसे संध्याकाळी पांढरी वस्त्रे नेसून विहारात बसतात. ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ वाचून संपला, तेव्हा एका तरुणाने सुचवले की, आता दया पवारांचे ‘बलुतं’ वाचायला घेऊ. तेवढ्यावरून विहारात दोन तट पडले.

एका निवृत्त गुरुजींचे म्हणणे असे पडले की, बाबासाहेबांनी 1956 साली नागपुरात आपल्याला त्या नरकातून बाहेर काढले. मग मेलेल्या ढोरांच्या आणि शिळ्या भाकरीच्या गोष्टी पुन्हा मुलांच्या कानावर कशाला घालायच्या? एक माउली बोलली ती तर आमच्या काळजाला लागले. तिचा मुलगा पुण्यात कंपनीत आहे. चार मित्रांत खोली करून राहतो आणि तिथे पूर्ण नाव सांगत नाही. असले पुस्तक वाचून तो आणखीच खाली मान घालेल, अशी तिला भीती वाटते.

त्या दिवशी आम्ही उत्तर दिले नाही. घरी येऊन ‘बलुतं’ पुन्हा काढले आणि रात्रभर वाचले. गुरुजींच्या आणि त्या माउलीच्या प्रश्नाचे उत्तर दया पवारांच्या आयुष्यातच आहे, असे आमच्या ध्यानात आले. म्हणून आज हे आयुष्य वाचकांपुढे ठेवत आहोत.

दया पवार यांचे मूळ नाव दगडू मारुती पवार. जन्म 15 सप्टेंबर 1935. गाव धामणगाव, तालुका अकोले, तेव्हाचा अहमदनगर जिल्हा. शूद्राचे नाव ऐकणाऱ्याला किळस यावी असे असावे, हा मनूचा दंडक. तो दंडक कुणी वाचलेला नव्हता, पण आपल्या वस्त्यांत दगडू, कचरू, धोंडू, भिकू अशीच नावे घरोघर होती. पोर जगावे म्हणून आयाबायाच ती ठेवत. व्यवस्था किती खोल मुरते ते यावरून कळावे. जन्माच्या बाराव्या दिवशीच पोराच्या कपाळावर शिक्का बसत असे.

दगडूचे वडील मुंबईत गोदीत कामाला होते. लहानपणाची काही वर्षे नागपाड्याजवळच्या कावाखान्यात गेली. एकेका खोलीत दोन-तीन संसार, मध्ये गोणपाटाचे आडोसे. बाया रस्त्यावरून कागद, चिंध्या, काचा, लोखंड वेचून आणत आणि विकत. पलीकडेच कामाठीपुरा. गाव सोडून माणूस मुंबईला पळाला तरी महारवाडा त्याच्या आधी तिथे जाऊन बसलेला होता. वडील दारूच्या आहारी गेले. मायलेकरांना गावी परतावे लागले आणि वडिलांच्या मागे आईनेच काबाडकष्ट करून पोराला शिकवले.

गावी दगडूने पाहिले ते बलुते. तरुण वाचकांसाठी हा शब्द उलगडून सांगितला पाहिजे. गावचा सरकारी वसूल तालुक्याला पोचवणे, साहेबाच्या घोड्यापुढे पळणे, मयताची बातमी घेऊन गावोगाव जाणे, मेलेले ढोर ओढून नेणे, दवंडी देणे, अशी दिवसरात्र न संपणारी कामे महाराने करायची. त्या बदल्यात सुगीत खळ्यावर हात पसरून धान्याचा वाटा घ्यायचा. गंमत अशी की, याला हक्क म्हणत. बावन्न हक्कांची कथा अभिमानाने सांगितली जाई. बेडीला दागिना समजायला लावणारी ही चलाखी बाबासाहेबांनी ओळखली. 1928 साली त्यांनी मुंबईच्या कायदे मंडळात महार वतनासंबंधी दुरुस्ती विधेयक मांडले. त्याला विरोध झाला, पण त्यांनी मुद्दा सोडला नाही. कनिष्ठ गावकामगारांची वतने रद्द करणारा कायदा व्हायला 1958 साल उजाडले. तोवर बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण होऊन गेले होते.

दगडू संगमनेरला बोर्डिंगात राहून शिकला आणि पुढे नोकरीसाठी पुन्हा मुंबईला आला. नोकरी मिळाली ती परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात. ज्याच्या बापजाद्यांनी मेलेली ढोरे ओढली, त्याला शिकूनसवरून पहिली भाकरी मिळाली तीही जनावरांच्याच दवाखान्यात. पुढे रेल्वेच्या हिशेब तपासणी खात्यात नोकरी केली. वरवर पाहता माणूस सुटला होता. पगार होता, पांढरे कपडे होते, साहित्यिकांत ऊठबस होती. दगडू हे नाव मागे पडून दया पवार हे नाव छापून येऊ लागले होते.

तो काळही उकळता होता. 1958 साली मुंबईत पहिले दलित साहित्य संमेलन झाले होते. 1963 साली बाबुराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह आला. गंगाधर पानतावणे यांचे ‘अस्मितादर्श’ सुरू झाले. 1972 साली दलित पँथर उभी राहिली आणि त्याच वर्षी नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ आला. 1974 साली दया पवारांचा ‘कोंडवाडा’ हा कवितासंग्रह प्रसिद्ध झाला. मोकाट गुरे कोंडतात तो कोंडवाडा. राज्य शासनाचा पुरस्कार या संग्रहाला मिळाला.

सत्कार झाले, हार पडले. पण रात्री दिवा मालवला की दगडू शेजारी येऊन बसत असे. आम्ही भुताखेतांवर विश्वास ठेवत नाही. बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या माणसाने ठेवूही नये. पण भूतकाळ नावाचे भूत मात्र खरे आहे. त्याला लिंबू-मिरची चालत नाही, आणि नाव बदलले, गाव बदलले म्हणून ते पत्ता चुकत नाही. दया पवारांनी या भुताला हाकलले नाही. त्यांनी त्याला समोर बसवले आणि बोलते केले. 1978 साली ग्रंथालीने ‘बलुतं’ प्रसिद्ध केले. त्या पुस्तकात दगडू पवार आपली कहाणी दया पवाराला सांगतो. एकाच कातड्यातली ही दोन माणसे. एक गाव-महारवाडा अंगावर वागवणारा, दुसरा शहरात स्थिरावलेला, लिहिता-वाचता. शिकलेल्या प्रत्येक दलिताच्या आत ही दोन माणसे असतात. दया पवारांनी ते कबूल केले, इतकेच.

पुस्तक गाजले. पु. ल. देशपांडे यांच्यासारख्यांनी त्याची दखल घेतली. हिंदीत ते ‘अछूत’ नावाने गेले, फ्रेंचमध्ये गेले, इंग्रजीत मात्र यायला 2015 साल लागले. पण समाजातूनच बोल लागले. घरातली घाण चव्हाट्यावर मांडली, आयाबहिणींची अब्रू विकायला काढली, असे आरोप झाले. तिकडे पांढरपेशा वाचक हळहळला आणि हळहळून मोकळा झाला. जणू हे सारे दूरच्या कुठल्या मुलखात घडले, त्याच्या आजोबाच्या खळ्यावर नव्हे. एकीकडे लाज आणि दुसरीकडे दया, या दोन्हींच्या मधून दया पवारांना चालावे लागले. मद्यपी बाप त्यांनी लपवला नाही. वस्तीतली भांडणे, भूक, दारू, जुगार काही लपवले नाही. कारण झाकले तर दोष माणसांवर राहतो. सगळे मांडले तेव्हाच दिसले की, दोष त्या माणसांना तसे जगायला लावणाऱ्या व्यवस्थेचा होता.

येथे एक गोष्ट आम्हाला सांगितलीच पाहिजे, कारण चळवळीत ती फारशी बोलली जात नाही. दया पवारांना छळणारा भूतकाळ सगळाच सवर्णांनी दिलेला नव्हता. त्यांनी आपल्या पहिल्या पत्नीवर संशय घेतला आणि तो संसार मोडला. हे त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिले आहे. जो स्वतः माणूसपणासाठी तळमळत होता, त्यानेच घरातल्या बाईला माणूसपण नाकारले. जातीने केलेल्या जखमेचा हिशेब मागता येतो, स्वतः केलेल्या जखमेचा हिशेब द्यावा लागतो. तो त्यांनी दिला, पण अर्धाच. कारण त्या पुस्तकात स्त्रिया दिसतात त्या पुरुषाच्या नजरेतून. त्यांची बाजू त्यांनाच सांगावी लागली. 1986 साली बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ पुस्तकरूपाने आले. ते लिखाण त्यांनी कित्येक वर्षे घरच्यांपासून लपवून ठेवले होते. त्याच वर्षी शांताबाई कांबळे यांची ‘माज्या जल्माची चित्तरकथा’ आली. म्हणून आम्ही म्हणतो, ‘बलुतं’ वाचावे आणि त्याच्या शेजारी या दोघींना ठेवूनच वाचावे.

आमच्या विदर्भाचे उदाहरण हवे तर नागपूरच्या कुमुद पावडे यांचे घ्या. 1981 साली त्यांचे ‘अंतःस्फोट’ आले. अस्पृश्याच्या घरात जन्मून त्या संस्कृतच्या पंडिता झाल्या. पण सोमकुवर या माहेरच्या आडनावाने त्यांना महाविद्यालयात संस्कृत शिकवण्याची नोकरी मिळेना. सवर्ण घरात लग्न झाले, आडनाव पावडे झाले आणि मग नोकरी मिळाली. विद्वत्ता तीच, बाई तीच, बदलले फक्त आडनाव. पुण्यातल्या त्या मुलाला आम्ही भित्रा म्हणणार नाही ते यामुळेच. नाव सांगितले की खोली हातची जाते, हे त्याला कुणी पुस्तकातून शिकवलेले नाही. त्याने ते पाहिले असेल, ऐकले असेल. भूतकाळ मुलांना पुस्तकातून छळत नाही, तो त्यांना घरमालकाच्या दारात छळतो. पुस्तक न वाचल्याने तो टळणार कसा?

हे केवळ आपलेच आहे असेही नाही. पँथरने ज्यांच्याकडून नाव घेतले त्या अमेरिकेतल्या काळ्या समाजाचेही हेच आहे. टोनी मॉरिसन यांच्या 1987 सालच्या ‘बिलव्हेड’ या कादंबरीत गुलामीतून पळालेली आई आपली मुलगी पुन्हा गुलामीत जाऊ नये म्हणून तिला स्वतःच मारते, आणि वर्षानुवर्षांनी ती मुलगी घरात परत येते. गुलामी कायद्याने संपली होती, घरातून गेली नव्हती. मॉरिसन यांना 1993 साली नोबेल मिळाले. शोषितांचे साहित्य जगभर मागे वळून पाहते ते रडण्यासाठी नव्हे. ज्याचा हिशेब झाला नाही, ते खाते बंद करता येत नाही म्हणून.

‘बलुतं’नंतर आत्मकथनांची रांग लागली. प्र. ई. सोनकांबळे यांचे ‘आठवणींचे पक्षी’, लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’, शंकरराव खरात यांचे ‘तराळ-अंतराळ’, लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’. दगडू बोलला म्हणून महारवाड्याबाहेरच्या, पालावरच्या भटक्या-विमुक्तांनाही कंठ फुटला. दया पवारांना 1990 साली पद्मश्री मिळाली. त्याच वर्षी बाबासाहेबांना मरणोत्तर भारतरत्न दिले गेले. जब्बार पटेल यांच्या बाबासाहेबांवरील चित्रपटाच्या पटकथेत त्यांनी मोलाचा वाटा उचलला. तो चित्रपट 2000 साली लोकांपुढे आला, पण पाहायला ते नव्हते. 20 डिसेंबर 1996 रोजी दिल्लीत त्यांचे निधन झाले. महापरिनिर्वाण दिनाला जेमतेम दोन आठवडे उलटले होते.

आता गुरुजींना आमचे नम्र उत्तर. गुरुजी, बाबासाहेबांनी आपल्याला नरकातून बाहेर काढले हे खरे. पण त्यांनी तो नरक विसरायला सांगितले नाही. बडोद्याला नोकरीवर असताना पारशी वसतिगृहातून त्यांना जात कळल्यावर बाहेर काढले गेले, ही आठवण त्यांनी स्वतः लिहून ठेवली. परदेशात शिकून आलेल्या विद्वानालाही राहायला जागा मिळाली नाही, हे त्यांनी झाकले नाही. त्यांना लाज वाटली नाही, कारण लाज कुणाला वाटायला हवी हे त्यांना ठाऊक होते. आपण मुलांना नेमके हेच शिकवायचे राहून गेले. पोटाला चिमटा घेऊन आपण त्यांना शिकवले, पण मागचे सांगितले नाही. आता घरमालक त्यांना आडनाव विचारतो तेव्हा त्यांना वाटते, आपल्यातच काही उणे आहे.

आणि त्या माउलीला एवढेच सांगणे आहे. ताई, तुमचा मुलगा दिवाळीत घरी येईल तेव्हा त्याला उपदेश करू नका. नाव सांग म्हणून दटावू नका. ‘बलुतं’ त्याच्या हाताशी ठेवा. वाचताना त्याला कळेल की, पूर्ण नाव सांगताना अडखळणारा तो पहिला नाही. आपल्या आजाने कोणती कामे केली आणि कुणी करून घेतली, हे त्याला तुमच्याच तोंडून कळू द्या. ज्याला आपली गोष्ट ठाऊक असते, तो नाव सांगो वा न सांगो, आतून खचत नाही.

विहारात येत्या रविवारी ‘बलुतं’चे वाचन सुरू करावे, असे आमचे मत आहे. पहिली पाने गुरुजींनीच वाचावीत. त्यांचा आवाज अजून खणखणीत आहे, आणि त्या पानांतले बरेचसे त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले आहे. जयभीम.