चवदार तळ्याचे पाणी

मंडळाच्या स्मरणिकेसाठी एका थोर व्यक्तीचे चरित्र लिहिण्याचे काम यंदा माझ्याकडे आले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे समग्र चरित्र लिहिणे माझ्या आवाक्याबाहेरचे आहे, म्हणून त्यांच्या आयुष्यातली पाण्याची हकिकत तेवढी लिहिते. उन्हाळ्यात पैनगंगेचे पात्र आटले की पाण्याचे मोल आम्हा मेहकरच्या बायकांना कोणी सांगावे लागत नाही.

बाबासाहेबांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला. वडील रामजी सुभेदार, आई भीमाबाई. आई लवकर गेली, आत्याने सांभाळले. साताऱ्याच्या शाळेत त्यांना स्वतःच्या हाताने नळ सोडण्याची मुभा नव्हती. शिपाई हजर असला तर पाणी, नाहीतर कोरडा घसा. १९०१ साली घरच्या मुलांबरोबर ते वडिलांना भेटण्यास मसूर स्टेशनावरून बैलगाडीने गोरेगावास निघाले. वाटेत जात पाहून कोणी पाणी देईना. बरोबर शिदोरी होती, पण पाण्यावाचून घास कसा उतरणार? मुले तशीच उपाशी झोपली. आईवेगळी लेकरे, जवळ भरलेली शिदोरी आणि पोटात काही नाही! हे वाचले त्या दिवशी मी पुस्तक मिटून ठेवले.

पुढे अमेरिका, लंडन, मोठमोठ्या पदव्या. ते सर्वांस ठाऊक आहे. १९२२ साली ते बॅरिस्टर झाले. १९२३ साली मुंबईच्या कायदे कौन्सिलात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला, की सरकारी पैशाने चालणाऱ्या विहिरी, पाणवठे, धर्मशाळा अस्पृश्यांना मोकळ्या असाव्यात. १९२४ साली महाडच्या नगरपालिकेने चवदार तळे सर्वांना खुले केल्याचा ठराव केला. पण तो कागदावरच राहिला. गुरेढोरे तळ्यावर पाणी पीत होती, माणसांना मात्र मज्जाव.

२० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब हजारो लोकांसह तळ्यावर गेले आणि ओंजळभर पाणी प्याले. परतताना लोकांना मारहाण झाली. मग शेण, गोमूत्र, दूध, दही यांच्या १०८ घागरी ओतून तळे शुद्ध करण्यात आले. ऑगस्टात नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला.

डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह ठरला. तेवढ्यात काही मंडळींनी, तळे खाजगी आहे असे म्हणून, महाडच्या कोर्टात दावा लावला आणि १४ डिसेंबरला तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. हजारो माणसे जमलेली, कित्येकजण तुरुंगात जायला तयार. बाबासाहेबांनी त्यांची समजूत घातली आणि कोर्टाचा हुकूम मानला. पाण्यासाठी आलेल्या लोकांना पाण्यापासून परत नेणे! मला तरी त्यांच्या चरित्रातले हे सर्वांत अवघड काम वाटते. लहानपणी उपाशी झोपलेला तो मुलगा आता कायद्याच्याच वाटेने पाणी मागत होता. त्याच परिषदेत मनुस्मृती जाळली गेली. जमलेल्या स्त्रियांनाही त्यांनी वेगळे बोलावून नीटनेटके राहा, लुगडे इतर बायकांसारखे नेसा, मुलींना शिकवा, असे समजावले. दुसऱ्या दिवशी कित्येकींनी तशी लुगडी नेसली म्हणतात.

दावा दहा वर्षे चालला. १९३१ साली महाडला निकाल त्यांच्या बाजूने लागला, १९३३ साली ठाण्यालाही तसाच, आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने दाव्यावर शेवटचा पडदा टाकला. तळे खाजगी नव्हे आणि बंदीची रूढी अनादी काळापासूनची असल्याचे सिद्ध झालेले नाही, असे ठरले. रमाबाई मात्र हा निकाल पाहायला राहिल्या नाहीत. त्या १९३५ सालीच गेल्या.

२६ जानेवारी १९५० पासून लागू झालेल्या घटनेच्या मसुदा समितीचे बाबासाहेब अध्यक्ष होते. तिच्या पंधराव्या कलमात विहिरी, तळी, घाट यांच्या वापरापासून जातीवरून कोणास अडवता येणार नाही, असे स्पष्ट लिहिले आहे. ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीस त्यांचे निधन झाले.

घटना लागू होऊन पस्तीसेक वर्षे झाली असतील तेव्हाची गोष्ट. माझ्या माहेरच्या गावी सरकारी विहीर होती. एक मावशी घागर घेऊन दूर उभी राहायची, दोर तिने धरायचा नाही. मी सातआठ वर्षांची. माझ्या हातून बादली ओढवून घेत आणि वरून तिच्या घागरीत ओतायला लावत. अर्धे पाणी बाहेर सांडे. ती काही बोलत नसे, खाली वाकून घागर तेवढी सरळ करी.